विचारा बंदराबद्दल: कळमन्याला भरती-ओहोटी लावली की झालं

मागच्या अंकात मी सहज दोन ओळी लिहिल्या होत्या की महालातला एक पोरगा 33 वर्षं मुंबईच्या गोदीत टॅली क्लार्क, म्हणजे माल मोजणारा कारकून, होता आणि आता रिटायर होऊन मानेवाड्यात गच्चीवर कपडे वाळत घालून राहिलाय. संपादकांनी तेवढ्यावरून हा कॉलमच गळ्यात घातला. म्हटलं नागपूरच्या माणसाला बंदराचं काय पडलं असणार, पण पत्रं आणि व्हॉट्सॅप मिळून एवढे प्रश्न आले की बायको म्हणाली आता पोस्टमनला चहा तरी पाजा. सगळ्यांना जागा नाही, जे निवडले ते असे.

काकाजी, दिवाळीनंतर सासूबाईंना घेऊन मुंबईला चाललो आहोत. त्यांना "खरं बंदर" पाहायचंय, गेटवेवर फोटो काढून झालेत दोनदा. कुठं न्यावं आणि किती वाजता? – एक वाचक, त्रिमूर्तीनगर

ताई, सासूबाईंना माझा नमस्कार सांगा, बरोबर बोलल्या त्या. गेटवे म्हणजे बंदराचं अंगण, घर आत आहे.

कुलाब्याला ससून डॉक आहे, 1875 सालचं, तिथं न्या. पण एक अडचण आहे. आपल्या रात्रीच्या गाड्या सकाळी मुंबईत टेकेपर्यंत तिथला बाजार अर्धा उठलेला असतो, म्हणून स्टेशनवरून बॅगा घेऊन थेट जायच्या भानगडीत पडू नका. एक मुक्काम करा आणि दुसऱ्या दिवशी पाचला तिथं उभे राहा. तुम्ही कळमन्याला संत्र्याच्या सीझनमध्ये पहाटे गेल्या असाल तर अर्धं काम झालंच, कारण बंदर म्हणजे दुसरं काही नाही, कळमना मार्केट आहे, फक्त तिथली जमीन दिवसातून दोनदा वर-खाली होते. तेच दलाल, तोच आरडाओरडा, तोच हिशोब कानात पेन्सिल खोचून. ट्रॉलर एकाला एक लागून तीन-तीन चार-चार उभे असतात, सगळ्यात बाहेरच्या बोटीचा माल धक्क्यावर यायला मधल्या बोटींवरून हाताहाताने येतो, खलाशी नुसत्या टोपल्या झेलत असतात, एक टोपली मधेच पडली तर शिवी आधी येते आणि टोपली नंतर उचलली जाते. धक्क्यावर मासळीचे ढीग लागतात आणि कोळणी लिलाव करतात, भाव कधी ठरला ते मला इतक्या वर्षांत कळलं नाही, नुसती मान हलते आणि ढीग विकला जातो. बाजूला बर्फाच्या लाद्या मशीनमध्ये घालून चुरा करणं चालू, त्याचा आवाज वेगळाच.

थोडं पुढे गेलात की कोळंबी सोलणाऱ्या बाया दिसतील, ओळीने बसलेल्या. मी एकदा एका बाईच्या समोर पाच मिनिटं उभा राहिलो होतो, डोकं एका चिमटीत गेलं, दुसऱ्या चिमटीत टरफल, आणि ती बघत होती भलतीकडे, शेजारणीशी पोराच्या ॲडमिशनबद्दल बोलत होती. बोटांची टोकं पाण्यात भिजून पांढरी पडलेली. पैसे मिळतात ते किलोवर. ते पाहिल्यापासून कोळंबी महाग आहे असं मी म्हणत नाही.

सासूबाईंना स्लीपर घालून नेऊ नका, जमीन पूर्ण ओली आणि खवल्यांनी घसरडी असते, मागे पट्टा असलेलं काहीतरी जाड घाला. साडी वर खोचून घ्या, तिथं सगळ्याच जणी तशाच असतात. मोबाईल काढून कोणाच्या तोंडासमोर धरू नका, ती माणसं कामावर आहेत. आणि डोक्यावर टोपली घेतलेला माणूस "बाजू बाजू" म्हणत आला की लगेच बाजूला व्हा, तो थांबत नाही, त्याला थांबता येतच नाही.

वेळ असेल तर दुपारी भाऊचा धक्का. हार्बर लाईनने डॉकयार्ड रोडला उतरा. बरेच जण विचारतात हा कोणता भाऊ, तर लक्ष्मण हरिश्चंद्र अजिंक्य नावाचे गृहस्थ, लोक त्यांना भाऊ म्हणायचे, त्यांनी एकोणिसाव्या शतकात हा धक्का बांधला. सरकारी कागदात त्याला फेरी व्हार्फ म्हणतात, म्हणू द्या.

आम्ही लाँचमध्ये बसलो तेव्हा धक्क्याच्या सात-आठ पायऱ्या उतरलो आणि परत येताना लाँच थेट वरच्या पायरीला लागली. नवऱ्याचं म्हणणं ती दुसरी जागा होती, माझं म्हणणं तीच. कोण बरोबर? – धरमपेठ

तुम्ही. जागा तीच होती, पाणी वर आलं होतं.

हे मला जरा सविस्तर सांगू द्या कारण बंदराचं अख्खं टाइमटेबल याच्यावर आहे. मुंबईच्या बंदरात मोठ्या भरतीला आणि मोठ्या ओहोटीला पाण्याच्या पातळीत साडेचार मीटरच्या आसपास फरक पडतो, म्हणजे आपल्या घराचा दीड मजला समजा. एका भरतीपासून दुसऱ्या भरतीपर्यंत साडेबारा तासांना पाच मिनिटं कमी लागतात, म्हणून भरतीची वेळ रोज साधारण 50 मिनिटांनी पुढे सरकते. आज जो माणूस सकाळी आठच्या भरतीवर कामाला लागला तो उद्या पावणेनऊ-नऊला लागेल, आणि आठवड्याने त्याची सकाळची ड्युटी दुपारची झालेली असेल. मोठी जहाजं, गाळात रुतायची भीती असलेल्या होड्या, सगळे पाण्याची वाट बघत बसलेले असतात. साहेब कितीही मोठा असो, पाणी नाही म्हटलं की नाही.

आता नागपुरात बसून मुंबईची भरती कशी काढायची ते सांगतो, मला हे एका म्हाताऱ्या तांडेलाने, म्हणजे होडीवरच्या म्होरक्याने, शिकवलं. भिंतीवरच्या कालनिर्णयात आजची तिथी बघा आणि तिला पाऊणने गुणा. चतुर्थी असेल तर चार पाऊण तीन, म्हणजे तीन वाजता पूर्ण भरती, दिवसाही आणि रात्रीही. अष्टमीला सहा. एकादशीला सव्वाआठ. शुक्ल पक्ष असो की कृष्ण पक्ष, हिशोब तोच. त्यात सहा तास मिळवा, ओहोटी आली. अर्धा तास इकडेतिकडे होतं, पण अर्ध्या तासाने कोणी बुडत नाही. पौर्णिमा-अमावस्येच्या आसपास पाणी सगळ्यात जास्त चढतं आणि सगळ्यात जास्त उतरतं, त्याला उधाण म्हणतात. अष्टमीच्या आसपास ते नुसतं कुरकुरत थोडंसं वर येतं आणि थोडंसं खाली जातं, ती भांगाची भरती. मुंबईच्या बातम्यांत पावसाळ्यात "आज दुपारी मोठी भरती" असं घाबरवतात न, त्या दिवशी तिथी बघा, अमावस्या किंवा पौर्णिमा जवळच असते.

तुम्ही गेलात ती तारीख मी कालनिर्णयात पाहिली, तिथी होती षष्ठी, सहा पाऊण साडेचार. तुम्ही सकाळी साडेदहाला निघालात म्हणजे बरोब्बर ओहोटीला, आणि संध्याकाळी पाचला परत आलात म्हणजे भरतीला. नवऱ्याला हा कागद दाखवा.

लाँचमध्ये मळमळतं. काय करावं? – सक्करदरा

खालच्या डेकवर मधोमध बसा, टोकाला बसू नका. लांब क्षितिजाकडे बघा, मोबाईलकडे नाही. आदल्या रात्री सावजी खाऊन आला असाल तर माझ्याकडे उपाय नाही.

मी सातवीत आहे. आम्ही एलिफंटाला गेलो तेव्हा मोठं जहाज भोंगा वाजवत होतं, दोनदा वाजवला, मग तीनदा. बाबा म्हणाले असंच वाजवतात. खरं आहे का? – नंदनवन

नाही बेटा, बाबांना सांग ट्रकवाले असंच वाजवतात, जहाजवाले नाही. प्रत्येक भोंग्याचा अर्थ ठरलेला असतो आणि तो जगभर एकच. एक आखूड भोंगा म्हणजे मी उजवीकडे वळतोय. दोन आखूड म्हणजे डावीकडे. तीन म्हणजे माझं इंजिन उलटं फिरून राहिलंय. आणि भराभर पाच वाजवले तर अर्थ असा की तुझं काय चाललंय ते मला कळत नाहीये, बाजूला हो. नागपुरातल्या प्रत्येक चौकात या पाचव्या भोंग्याची गरज आहे असं माझं मत आहे.

तू दोन ऐकले म्हणजे ते डावीकडे वळलं आणि नंतर इंजिन उलटं फिरवून वेग कमी केला, तुमची लाँच आडवी आली असेल बहुतेक. एवढं मोठं जहाज ब्रेक मारल्यावर थांबत नाही, त्याला ब्रेकच नसतो.

पुढच्या वेळी झेंडेपण बघ. नुसता पिवळा झेंडा असेल तर जहाज सांगतंय की आमच्याकडे सगळे ठणठणीत आहेत, आत यायची परवानगी द्या. अर्धा पांढरा अर्धा लाल असेल तर जहाजावर पायलट चढलाय. हा विमानाचा पायलट नाही बरं, हा बंदराचा माणूस असतो, त्याला पाण्याखालचा प्रत्येक खडक पाठ असतो, आणि तो छोट्या बोटीतून येऊन चालत्या जहाजाच्या बाजूला लटकवलेल्या दोराच्या शिडीने वर चढतो. पावसाळ्यात ते चढणं बघितलं न की आपल्या पायाला मुंग्या येतात. आणि नुसता लाल झेंडा म्हणजे जहाजात धोक्याचा माल आहे, लांब राहा.

31 डिसेंबरच्या रात्री बारा वाजता मुंबईच्या बंदरातली जहाजं एकदम भोंगे वाजवतात, दक्षिण मुंबईत घरात बसून ऐकू येतात. त्या भोंग्याला मात्र काही अर्थ नाही, तो असंच वाजवतात. तेवढ्यापुरते बाबा बरोबर.

माझा मुलगा नागपूरच्या राष्ट्रीय अग्निशमन महाविद्यालयात शिकतो. 14 एप्रिलला तिथं मुंबईच्या गोदीतल्या स्फोटातल्या लोकांना श्रद्धांजली देतात असं तो सांगतो. आमच्यासाठी 14 एप्रिल म्हणजे बाबासाहेबांची जयंती, आम्ही दीक्षाभूमीवर असतो. हा स्फोट काय होता? – इंदोरा

दादा, तुमचा प्रश्न आला तेव्हा मी जरा थांबलो, कारण मी ज्या गोदीत नोकरी केली तिथं ही गोष्ट प्रत्येक नव्या माणसाला पहिल्या आठवड्यात कोणीतरी सांगतंच, आणि सांगणारा दरवेळी हळू आवाजातच सांगतो.

1944 साल, दुसरं महायुद्ध चालू. फोर्ट स्टिकिन नावाचं जहाज इंग्लंडहून कराचीमार्गे मुंबईला आलं आणि व्हिक्टोरिया डॉकमध्ये लागलं. पोटात काय होतं, तर सुमारे 1400 टन स्फोटकं आणि दारूगोळा, सोन्याच्या विटा, आणि कराचीला भरलेल्या कापसाच्या हजारो गाठी. आपण विदर्भातली माणसं, कापसाची गाठ काय असते हे आपल्याला कोणी सांगायला नको. जिनिंगमध्ये आग लागलेली ज्याने पाहिलीय त्याला माहीत आहे की दाबलेली गाठ भडकत नाही, आतल्या आत धुमसत राहते, वरून पाणी मारून विझली असं वाटतं आणि दोन तासांनी धूर परत येतो. आणि अशा गाठींच्या खाली-वर स्फोटकं. वर सातवीतल्या पोराला सांगितला तो लाल झेंडा त्या जहाजावर चढवलेला नव्हता.

14 तारखेला दुपारी धूर दिसला. अग्निशमन दलाचे बंब आले, पाणी मारत राहिले, जहाज बुडवायचं की गोदीतून बाहेर ओढायचं यावर साहेब लोकांचा काथ्याकूट चालू राहिला आणि निर्णय कोणी घेतला नाही. चारच्या सुमारास पहिला स्फोट झाला, अर्ध्या तासाच्या आत दुसरा. जहाज फुटलं, शेजारची जहाजं फुटली, जळता कापूस उडून वस्तीवर पडला आणि गोदीच्या आसपासची घरं पेटली. पार शिमल्याच्या भूकंपमापकावर त्याची नोंद झाली. किती माणसं गेली याचा आकडा कोणी 800 सांगतं, कोणी 1300, कारण गोदीत रोजंदारीवर आलेल्या माणसांची नावं कुठल्या रजिस्टरमध्ये असणार. अग्निशमन दलाची 66 माणसं गेली, त्यांची मात्र मोजणी झाली. त्यांच्यासाठी 14 एप्रिल हा अग्निशमन सेवा दिन, आणि तुमच्या मुलाच्या कॉलेजात तो पाळतात तो याच्यासाठी.

सोन्याच्या विटांची गोष्ट लोक जास्त चवीने सांगतात, कारण त्या उडून भलतीकडे पडल्या आणि पुढे कितीतरी वर्षं गोदीचा गाळ काढताना एखादी सापडायची. मी असेपर्यंत मला काही सापडली नाही, नाहीतर मानेवाड्यात कशाला राहिलो असतो. पण जुने गोदी कामगार सोन्याचं बोलायचे नाहीत, ते त्या 66 जणांचं बोलायचे, की धूर येऊन राहिलाय आणि आत काय आहे हे माहीत असून ते नळी धरून उभे होते.

तुम्ही सकाळी दीक्षाभूमीवर जाताच, पोराला संध्याकाळी घरी जेवायला बोलवा आणि त्याच्याकडून ऐका, त्याला माझ्यापेक्षा जास्त माहीत असेल.

माझा संत्र्याचा व्यवसाय आहे. नागपूरला समुद्र नाही आणि तरी लोक "ड्राय पोर्ट" म्हणतात. कोरडं बंदर म्हणजे नेमकं काय, आणि तुमच्या वेळचं बंदर आणि हे यात फरक काय? – काटोल रोड

शेठ, कोरडं बंदर म्हणजे बंदरातली कागदपत्रं आपल्या गावात, पाणी तेवढं तिकडं. अजनीला कंटेनर डेपो आहे न, तिथं माल कंटेनरमध्ये भरला, कस्टम झालं, सील लागलं, की तो डबा मालगाडीवर चढून थेट न्हावा शेवाला जातो आणि जहाजावर चढतो. न्हावा शेवाचं जवाहरलाल नेहरू बंदर 1989 ला चालू झालं, ते मुंबईच्या बंदराच्या समोरच्या किनाऱ्यावर, मधे फक्त खाडी. आता अटल सेतू झालाय, जानेवारी 2024 मध्ये, शिवडीहून वीस-पंचवीस मिनिटांत माणूस तिकडं. आमच्या वेळी लाँचने नाहीतर पार वाशी-पनवेल फिरून.

फळाला रीफर कंटेनर लागतो, म्हणजे फ्रीजवाला, त्याला प्लग असतो आणि तो काढला की घड्याळ सुरू. ट्रकवर जेनसेट, म्हणजे जनरेटर, आहे का ते स्वतः बघा, ड्रायव्हरच्या शब्दावर जाऊ नका. सीलचा नंबर कागदावर आणि डब्यावर एकच आहे का ते फोटो काढून ठेवा. डबा ठरलेल्या दिवसांच्या वर पडून राहिला की डेमरेज, म्हणजे माल पडून राहिल्याचा आकार, चढतं आणि ते डेमरेज संत्र्याच्या नफ्यापेक्षा चपळ असतं.

तुम्ही फरक विचारला म्हणून सांगतो. कंटेनरची कल्पना अमेरिकेतल्या माल्कम मॅक्लीन नावाच्या ट्रकवाल्याची, 1956 मध्ये त्याने 58 डबे जहाजावर चढवून नेले. मुंबईच्या गोदीत ते लोण पूर्ण पोचायला बरीच वर्षं लागली, आणि तोपर्यंत माझी नोकरी मोजायची होती. टॅली क्लार्क म्हणजे मोजणारा. जहाजाच्या पोटातून दोरांच्या झोळीत गोणी वर येतात, एका झोळीत 20, ती धक्क्यावर उतरली की मी कागदावर एक रेघ ओढायची, चार उभ्या रेघा झाल्या की पाचवी आडवी, झाला एक जुडगा. बास. दिवसभर, रात्रभर, तेच. गोणीला हूक मारणारे कामगार, मुकादमाचा हात वर-खाली, त्याच्याकडे बघून विंच म्हणजे झोळी उचलायचं यंत्र चालवणारा झोळी सोडणार, आणि मी लाकडी खोक्यावर बसून रेघा. समोर दुसऱ्या पार्टीचा टॅली क्लार्क, तोही रेघा ओढतोय. शिफ्ट संपली की दोघांचे आकडे जुळले पाहिजेत.

एकदा ऑगस्टमध्ये, नाईट शिफ्ट, बारीक पाऊस, कागदाला प्लॅस्टिक लावलेलं, सकाळी माझा आकडा एका झोळीने कमी निघाला. 20 गोणी. समोरचा म्हणे माझा बरोबर, मी म्हणे माझा. सगळा थर परत मोजला. चूक माझी होती, साडेतीनच्या सुमारास माझा डोळा लागला होता, कागदावर त्या जागी रेघेऐवजी पेन घसरल्याची वाकडी खूण होती, म्हणजे झोळी उतरली तेव्हा मी पेन टेकवलं पण ओढलं नाही. तो मुकादम, कोकणातला माणूस, मला म्हणाला, "भाऊ, दर्या जागा असतो तंवर आपण पन जागायचं." मेमो मिळाला तो मिळाला. ते वाक्य जास्त लागलं.

मग डबे आले. डब्यात काय आहे ते कोण मोजणार, सील बघायचं आणि नंबर टिपायचा. जिथं एका जहाजाला आठवडा लागायचा ते काम दिवसा-दोन दिवसात उरकायला लागलं. कामगारांच्या टोळ्या कमी झाल्या, हूक गंजले, आम्ही टॅलीवाले हळूहळू ऑफिसात फाईलींच्या मागे बसलो. तुमच्या संत्र्यासाठी हे चांगलंच झालं, मी नाही म्हणत नाही. पण अजनीच्या बाजूने जाताना डब्यांची रांग दिसली की मी अजून मोजतो. परवा 41 होते.

मंगळवारी बाजारात जुलैमध्ये "ताजी मुंबईची सुरमई" म्हणून विकून राहिले होते. घ्यावी का? – जरीपटका

1 जून ते 31 जुलै, 61 दिवस, पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक बोटींना मासेमारी बंद असते, मासळीच्या विणीचा काळ आणि दर्याही खवळलेला. बिगर-यांत्रिक होड्या किनाऱ्याजवळ थोडंफार पकडतात पण ती मासळी 800 किलोमीटर येऊन तुमच्या टोपलीत पडेल ही शक्यता कमी. तुम्हाला मिळाली ती बर्फातली जुनी, किंवा दुसऱ्या किनाऱ्याची. विकणाऱ्याला दोष देत नाही, त्यालाही त्याचा ठोक व्यापारी तसंच सांगतो. कल्ला उचलून बघा, लालभडक असेल तर घ्या, विटकरी-तपकिरी असेल तर पुढे चला. आणि जुलैमध्ये आपल्या भंडारा-गोंदियाच्या तलावातला रोहू सोडून सुरमईच्या मागे काऊन लागता बे.

भाच्याला एक एजंट म्हणतो पाच लाख द्या, जहाजावर नोकरी लावतो, ट्रेनिंगची गरज नाही. द्यावे का? – हिंगणा

नाही. एक रुपया देऊ नका.

जहाजावर जायला खलाशाचं पुस्तक लागतं, त्याला सीडीसी म्हणतात, आणि ते मिळायला मान्यताप्राप्त संस्थेतून ट्रेनिंग लागतं. ट्रेनिंग नको म्हणणारा माणूस दुसरं काहीतरी विकतोय. माणसं भरती करणाऱ्या एजन्सीकडे आरपीएसएल नावाचं लायसन्स पाहिजे, त्याची यादी डीजी शिपिंग या सरकारी खात्याच्या वेबसाईटवर असते, तिथं त्या एजंटच्या कंपनीचं नाव टाकून बघा. आणि नोकरी लावून द्यायचे पैसे खलाशाकडून घेणं हेच मुळात नियमात बसत नाही. माझ्या ओळखीतल्या एका घरी असंच झालं होतं, पोरगं परदेशातल्या कुठल्याशा बंदरात जुनाट बोटीवर सात महिने बिनपगारी अडकलं, आईने मंगळसूत्र मोडून परतीचं तिकीट काढलं. भाच्याला खरंच जायचं असेल तर बारावीला फिजिक्स-केमिस्ट्री-मॅथ्स घेऊ दे आणि इंडियन मॅरिटाईम युनिव्हर्सिटीची प्रवेश परीक्षा देऊ दे. दहावीच झाली असेल तर जीपी रेटिंगचा, म्हणजे साध्या खलाशाचा, सहा महिन्यांचा कोर्स असतो, त्याची चौकशी करा. वेळ लागेल. लागू द्या.

लग्नानंतर पहिल्यांदा मुंबईला चाललोय, जुलैमध्येच सुट्टी मिळाली. गेटवेवरून मांडव्याला लाँचने जाऊन अलिबाग करायचंय. चालतील का लाँच? – गोपालनगर

गेटवे-मांडवा लाँच साधारण मे अखेर बंद होतात ते ऑगस्ट संपेपर्यंत. भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला रो-रो आहे, 2020 पासून, मोठी बोट, गाड्यापण चढतात, ती पावसाळ्यातही हवामान बघून चालते. बुकिंग आधी करा आणि सकाळी निघायच्या आधी फोन करून विचारा, कारण वारा वाढला की फेरी रद्द होते.

रद्द झाली तर काउंटरवरच्या पोराशी भांडू नका. 17 जुलै 1947 ला, गटारी अमावस्येला, याच भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली रामदास बोट वादळात उलटली आणि 600 च्या वर माणसं गेली. स्वातंत्र्य महिन्यावर आलं होतं, सुट्टीला घरी निघालेली माणसं होती बरीच. रेवस-अलिबागच्या घरांत अजून ती तारीख सांगतात. तेव्हा "नाही सोडत" म्हणणारा माणूस तुमच्या बाजूचा आहे असं समजा.

एलिफंटाचं म्हणाल तर सोमवारी लेणी बंद असतात, लाँचमध्ये लाईफ जॅकेट देतील ते घाला, सेल्फीत वाईट दिसतं म्हणून काढून ठेवू नका. घारापुरी बेटावर गावं आहेत, माणसं राहतात, आणि तिथं पाण्याखालून केबल टाकून कायमची वीज 2018 ला पोचली, म्हणून दुकानदाराने थंड पाण्याचे दोन रुपये जास्त मागितले तर घासाघीस करू नका. आणि छत्री नेऊ नका, धक्क्यावरच्या वाऱ्यात पाच मिनिटांत उलटते, सीताबर्डीहून दोन चांगले रेनकोट घेऊन जा.